कंपनीचा की पंजाब?

गाडीचा क्लच गेला तर माणूस मिस्त्रीकडे जातो, तो सांगेल ते पैसे देतो आणि घरी येतो. आत कुठल्या प्लेटा टाकल्या हे तो बायकोला सांगत नाही आणि तीही विचारत नाही. ब्रेक शू, चेन, प्लग, केबल, सगळ्यांच्या नशिबी हेच. पण सायलेन्सर सडला की तोच माणूस एकदम अभ्यासू होतो. चार जणांची मतं घेतो. रात्री पांघरुणात इयरफोन घालून मोबाइलवर धडधडाट ऐकतो. सकाळी दाढी करता करता तोंडाने 'डुग डुग डुग' करून बघतो, मान हलवतो आणि जरा खालच्या पट्टीत पुन्हा करतो.

कारण उघड आहे. गाडीचे बाकीचे सगळे भाग चालवणाऱ्यासाठी असतात. सायलेन्सर तेवढा लोकांसाठी असतो. त्याचं तोंड मागे. मालक पुढे बघत निघून जातो आणि आवाज मागे राहिलेल्यांच्या पदरात पडतो. त्यातून मालकाच्या डोक्यावर हेल्मेट असेल तर (पुण्यात हा 'तर' फार मोठा आहे) त्याला वाऱ्याशिवाय काही ऐकूही येत नाही. पैसे एकाचे, कान दुसऱ्याचे. इतकी निःस्वार्थ खरेदी माणूस दुसरी कुठली करत नाही.

आमच्या मेहुण्यांवर ही वेळ आली तेव्हा मला हे सगळं जवळून बघायला मिळालं. मेहुण्यांची बुलेट कास्ट आयर्न इंजिनाची, जुन्या घडणीची. गिअर उजव्या पायात, ब्रेक डाव्या पायात. आजकालच्या पोराने ही गाडी मागून नेली तर पहिल्याच चौकात तो ब्रेक समजून गिअर दाबतो आणि पुढच्या रिक्षाला जाऊन भेटतो. त्यामुळे गाडी कोणी मागत नाही. मेहुणे याला गाडीची सुरक्षाव्यवस्था म्हणतात.

या गाडीचं कूळ मोठं. बुलेट मूळची इंग्लंडातली. १९५५ साली मद्रासमध्ये तिची जुळणी सुरू झाली, ती मुळात भारतीय लष्कराला गस्तीसाठी हवी होती म्हणून. मेहुणे हा इतिहास पाहुण्यांना चहाबरोबर देतात. आपलीही गाडी एक दिवस लडाखला जाणार, हे ते लग्नाच्या आधीपासून सांगत आलेत. तूर्त ती रोज सकाळी कोपऱ्यावरच्या डेअरीत म्हशीचं दूध आणायला जाते.

आणि सायलेन्सर सडला तो त्या दुधानेच. हे माझं मत नाही, रसायनशास्त्राचं आहे. एक लिटर पेट्रोल जळलं की साधारण एक लिटर पाणी तयार होतं, वाफेच्या रूपात. गाडी लांब चालली, सायलेन्सर चांगला तापला, की ती वाफ मागून निघून जाते. पण घर ते डेअरी आणि डेअरी ते घर एवढ्या अंतरात सायलेन्सर धड कोमटही होत नाही. वाफ आतल्या गार पत्र्यावर बसते, तिचं पाणी होतं, पाणी तळाशी साचतं आणि पत्रा आतून खायला लागतं. वरून क्रोम चकाचक, मेहुणे रोज फडक्याने पुसणार, आणि आत गंजाचा संसार. हिमालयाचे घाट चढली असती तर ही गाडी अजून टिकली असती. अर्धा लिटर दुधाने तिचा घात केला.

एके दिवशी सायलेन्सरला पोटाखालून भोक पडलं. आवाज बदलला. आधी जो घुमायचा तो आता फाटल्यागत यायला लागला. मेहुण्यांना हे दहा पावलांत कळलं. ते सुतकी चेहऱ्याने घरी आले आणि वहिनींना म्हणाले, "ऐकलंस?" वहिनी म्हणाल्या, "काय?" मेहुण्यांनी गाडी पुन्हा चालू करून दाखवली. वहिनींनी स्वयंपाकघरातूनच निकाल दिला, "मला तर पहिल्यासारखाच वाटतोय. आधी बंद करा, कुकरच्या शिट्ट्या मोजतेय मी."

मग सल्ले सुरू झाले. सोसायटीत एक निवृत्त बँक अधिकारी आहेत, त्यांचा वेल्डिंगवर विश्वास. "नवा कशाला? एक टाका मारून घ्या." मिस्त्रीने भोकात स्क्रूड्रायव्हर घालून फिरवला, तर भोक मुठीएवढं झालं. तो म्हणाला, "साहेब, वेल्डिंग मारायला पत्रा लागतो. इथे नुसता रंग उभा आहे." दुसरा एक पंथ एम-सीलवाल्यांचा. नळ गळो, टाकी गळो, छत गळो, या मंडळींची श्रद्धा ढळत नाही. तापलेल्या सायलेन्सरवर ते लिंपण काय टिकणार, असं विचारलं की ते म्हणतात, "लावून तर बघा." हे वाक्य ज्याच्या तोंडी आहे त्याच्याशी आपल्या देशात वाद घालता येत नाही.

मेहुण्यांच्या चिरंजीवांचं मत मात्र स्पष्ट होतं. "पप्पा, पंजाब टाका."

ज्यांना हे क्षेत्र परकं आहे त्यांच्यासाठी सांगतो. बुलेटच्या सायलेन्सरांची दुनिया मोठी आहे. कंपनीचा असतो, शॉर्ट बॉटल असतो, लाँग बॉटल असतो, गोल्डस्टार असतो, मेगाफोन असतो. आणि एक पंजाब किंवा इंदोरी म्हणून असतो. पंजाब आणि इंदूर या दोन्ही ठिकाणच्या सज्जनांची याबद्दल काय भावना आहे हे मला माहीत नाही, पण त्यांच्या नावाने आमच्या गल्ल्यांत रात्री साडेअकराला जे चालतं ते त्यांनी एकदा येऊन ऐकावं. या पंजाबच्या आत जवळजवळ काहीच नसतं. पोकळ नळकांडं. चालत्या गाडीत क्षणभर बटण बंद करून पुन्हा चालू करायचं. तेवढ्या वेळात न जळलेलं पेट्रोल तापलेल्या सायलेन्सरमध्ये जाऊन बसतं आणि तिथे एकदम पेटतं. धडाम! कट्ट्यावरची म्हातारी माणसं छातीवर हात ठेवतात, कुत्री उठतात, पाळण्यातली पोरं रडतात आणि चालवणारा खुशीत पुढे जातो. वास्तविक जो पैसा इंजिनात जळायला हवा तो नळकांड्यात जळला, म्हणजे मागच्या मागे नोटा पेटवल्या. पण हे पंचविशीच्या आतल्या माणसाला समजावता येत नाही. पंचविशीनंतर पेट्रोल स्वतःच्या खिशातून भरावं लागतं आणि आपोआप समजतं.

मिस्त्रीने जुना सायलेन्सर उतरवला आणि आम्हाला शिकवण्यासाठी कटरने उभा कापला. मला हा प्रकार फार आवडला. आत आडवे पडदे, त्यांना भोकं, भोकांतून आरपार नळ्या, नळ्यांनाही बारीक छिद्रं. गावठी भाषेत जाळी, जरा इंग्रजी येणाऱ्यांच्या भाषेत बॅफल. बुलेटचं इंजिन एकाच सिलिंडरचं, चार स्ट्रोकांचं. दोन फेऱ्यांत एकदा जळका वायू बाहेर फेकतं. गाडी उभ्या जागी मिनिटाला हजार फेऱ्या घेत असेल तर सेकंदाला साधारण आठ धक्के. ते आपल्याला वेगवेगळे ऐकू येतात, म्हणून ती डुगडुग. प्रत्येक धक्का दाबाने, गरमीने, त्वेषाने आत शिरतो. तक्रार घेऊन तावातावाने आलेला माणूस सरकारी कचेरीत या खोलीतून त्या खोलीत फिरवला की कसा थंड होऊन बाहेर पडतो, तसंच इथे वायूचं होतं. पडद्यावर आपटून मागे फिरलेली लाट पुढून येणाऱ्या लाटेला भिडते, दोघी एकमेकींना मारतात, आणि शेवटच्या नळीतून बाहेर येतो तो एक समंजस हुंकार.

"मग पंजाबमध्ये काय असतं?" मी विचारलं.

"पंजाबमध्ये माणूस थेट मंत्र्याच्या केबिनमध्ये जातो," मिस्त्री म्हणाला. मिस्त्री लोक वाया जातात आपल्याकडे.

तर नाना पेठ. पुण्यात दुचाकीचा कुठलाही भाग हवा असेल तर माणूस शेवटी इथेच येतो. दुकानं अरुंद, सायलेन्सर छतापासून टांगलेले, खाली उभं राहून वर बघायचं. मेहुण्यांनी दुकानदाराला विचारलं, "आवाज कसा आहे याचा?" त्यावर दुकानदाराने जे केलं ते वर्णनातीत आहे. त्याने आधी दोन्ही हात मागे बांधले, डोळे मिटले आणि छातीतून आवाज काढला. शॉर्ट बॉटलचा वेगळा, गोल्डस्टारचा वेगळा. गोल्डस्टारला शेवटी एक बारीक हरकत होती. शेजारचं गिऱ्हाईक म्हणालं, "वा!" मी अनेक मैफली ऐकल्यात, इतकी उत्स्फूर्त दाद कमी वेळा ऐकली.

मोबाइलवरचे व्हिडिओ ऐकून आवाज निवडणाऱ्यांसाठी तर ही सोय फारच बरी. मोबाइलचा माइक मोठा आवाज दाबतो आणि लहान आवाज वाढवतो. त्यातून ऐकलेल्या दोन सायलेन्सरांत फरक वाटलाच तर तो सायलेन्सरांचा नसून मोबाइलांचा असतो. दुकानदाराचा गळा निदान एकच आहे.

महागातला एक सायलेन्सर त्याने खाली उतरवला. फ्री फ्लो. "पिकअप वाढतो, ॲव्हरेज वाढतं, इंजिन मोकळं होतं." या दाव्यांपैकी कुठलाही मी दुकानात खोडून काढला नाही, कारण मेहुणे खुशीत होते. पण जुन्या साडेतीनशेच्या बुलेटची ताकद अठरा अश्वशक्ती. वाट मोकळी केली म्हणून त्या अठरांचे काही अठ्ठावीस होत नाहीत. उलट, वायू मोकळा सुटायला लागला की कार्बोरेटरचा जेटही बदलावा लागतो. नाहीतर पेट्रोल कमी आणि हवा जास्त असं मिश्रण जातं, इंजिन तापतं आणि रेस सोडली की गाडी मागे फुटफुट करते. आवाज वाढला की वेगही वाढला असं वाटतं, हे खरं. पण ते वाटणं चालवणाऱ्याचं. स्पीडोमीटरचा काटा आपल्या जागी असतो. अर्थात जुन्या बुलेटचा काटा कुठेही असतो, तो भाग निराळा.

त्या सायलेन्सरवर एक छोटी पट्टी चिकटवलेली होती: फॉर ऑफ-रोड यूज ओन्ली. मेहुण्यांनी ती मोठ्याने वाचली. "म्हणजे?"

"म्हणजे जिथे रस्ता नाही तिथेच वापरायचा," दुकानदार म्हणाला.

मेहुण्यांनी क्षणभर विचार केला. "आमच्या सोसायटीपासून हमरस्त्यापर्यंत तेच आहे."

"मग तर काही प्रश्नच नाही," दुकानदार म्हणाला आणि बिलबुक उघडलं.

ही पट्टी आली कुठून याचा मी मग शोध घेतला. ती आली जिथे रस्ता नसलेली जागा मुद्दाम राखून ठेवलेली असते अशा देशांतून. माझा एक मित्र अमेरिकेत मिनेसोटात असतो. त्याच्याकडे एटीव्ही आहे. चार फुगीर चाकं, मोटारसायकलचं हँडल, चिखल-वाळू-बर्फ काही म्हणत नाही अशी ती गाडी. आपल्याकडे नागावच्या किनाऱ्यावर पर्यटक जिच्यावर बसून किंचाळतात ती. त्यालाही नेमका सायलेन्सर बदलायचा होता. मी म्हटलं, जोडीदार मिळाला. फोनवर बोलताना मात्र लक्षात आलं की आमचे ग्रह वेगळे आहेत. त्याची पहिली चिंता ठिणग्यांची. तिकडच्या सरकारी जंगलात गाडी न्यायची तर सायलेन्सरमध्ये ठिणग्या अडवणारी सोय असावीच लागते, स्पार्क अरेस्टर. नाहीतर जळका कार्बन उडून वाळलं गवत पेटायचं. मधूनमधून त्यातली काजळी झाडावी लागते. दुसरी चिंता, आवाज कमी कसा होईल. म्हणजे चक्क कमी. त्याच्याकडचे शिकारी लोक कंपनीच्या सायलेन्सरच्या पुढे आणखी एक डबा लावतात, हरणांना चाहूल लागू नये म्हणून.

मी हे मेहुण्यांच्या चिरंजीवांना सांगितलं. तो म्हणाला, "काका, पण आपल्याला चाहूल लागायलाच हवी असते ना." कॉलेजच्या फाटकावरून तो दिवसातून किती वेळा जातो हे मला माहीत होतं, म्हणून मी पुढे काही बोललो नाही. बाकी तिकडचा ठिणगीचा नियमही आपल्याकडे हवाच. तिकडे जंगल पेटतं, इकडे शेजारी पेटतात.

आवाज गप्प करण्याचं हे शास्त्र तसं जुनं आहे. अमेरिकेत इंडियानामधल्या कोलंबस गावच्या रीव्हज बंधूंनी १८९७ साली इंजिनाच्या सायलेन्सरचं पेटंट घेतलं. तेव्हा रस्त्यावर घोडे होते आणि इंजिनाच्या आवाजाने घोडे बुजत. म्हणजे बघा, घोड्यांच्या सोयीसाठी निघालेली वस्तू. घोड्यांची बाजू घेणारा माणूस तेव्हा होता. पादचाऱ्यांची बाजू घेणारा अजून यायचाय.

पण मला खरी गंमत वाटते ती मॅक्झिम घराण्याची. वडील सर हायरम मॅक्झिम. यांनी मशिनगन काढली आणि तिच्या चाचण्या घेता घेता स्वतःचे कान घालवले. मुलगा हायरम पर्सी मॅक्झिम. याने १९०९ साली बंदुकीच्या सायलेन्सरचं पेटंट मिळवलं आणि त्याच तत्त्वावर इंजिनांचेही सायलेन्सर बनवले. बापाने जगाला आवाज दिला, पोराने तो झाकायचं दुकान काढलं. आमच्या मेहुण्यांकडे बरोबर उलटी पिढी निघाली.

आवाजाला मालकी हक्क मागणारेही झाले. हार्ले-डेव्हिडसन कंपनीने १९९४ साली आपल्या इंजिनाचा आवाज हा आपला ट्रेडमार्क आहे असा अर्ज अमेरिकेत केला. प्रतिस्पर्धी कंपन्यांनी हरकती घेतल्या, वकिलांचं भलं झालं आणि २००० साली हार्लेने अर्ज मागे घेतला. एवढी वर्षं मोठमोठे वकील एकमेकांना 'डुग डुग' आणि 'धड धड' यांतला फरक लेखी समजावत होते, या कल्पनेनेच मला गुदगुल्या होतात. आपला नाना पेठेतला दुकानदार साक्षीला गेला असता तर दोन तारखांत निकाल लागला असता.

आता कायद्याकडे येतो, कारण कायदाही कधीकधी आपल्याकडे येतो. १७५ सीसीच्या वरच्या मोटारसायकलचा आवाज कारखान्यातून निघताना ८० डेसिबलच्या आत असावा लागतो. डेसिबलचं गणित फसवं आहे. ८० चे ९० झाले म्हणजे दहा टक्क्यांच्या आसपास वाढले असं आपल्याला वाटतं; प्रत्यक्षात आवाजाची ऊर्जा दहापट होते. दुकानदार "थोडासा जास्त आहे" म्हणतो तेव्हा तो हा थोडासा. मोटार वाहन कायद्याच्या कलम १९०(२) खाली, २०१९ च्या दुरुस्तीनंतर, आवाजाची मर्यादा मोडण्याच्या अपराधाला दहा हजार रुपयांपर्यंत दंड किंवा तीन महिन्यांपर्यंत कैद होऊ शकते, आणि लायसन्सही तीन महिने जातं. गाडीत परस्पर फेरफार केल्याचं कलम त्याहून वेगळं. पीयूसीचा कागद दाखवून सुटू म्हणाल, तर पीयूसीवाला धूर मोजतो, आवाज नाही. त्याच्या नळीला कान नसतात.

पोलीस अधूनमधून जप्त केलेले सायलेन्सर रस्त्यावर ओळीने मांडतात आणि त्यांवरून रोडरोलर फिरवतात. पुण्यात झालं, नागपुरात झालं, इतरही शहरांत होतं. उद्देश दहशत बसावी हा. पण मी असले व्हिडिओ बघणाऱ्यांचे चेहरे पाहिलेत. चिरंजीव तो व्हिडिओ थांबवून, बोटांनी मोठा करून बघत होता. "पप्पा, तो तिसरा बघा. असला आपल्याकडे कुठे मिळतो?" सगळे प्रकार एका ओळीत, उजेडात, वरून काढलेले, इतकं छान कॅटलॉग कुठला दुकानदार छापणार?

नव्या बुलेटवाल्यांची व्यथा तर वेगळीच. २०२० पासून कंपनीने नव्या घडणीची इंजिनं आणली, २०२३ मध्ये ती बुलेटमध्येही आली. थरथर कमी, आवाज सभ्य, गाडी उभी राहिली तरी आरसे हलत नाहीत. लोकांनी यासाठी पूर्वी नवस केले असते. पण आमच्या सोसायटीतल्या ज्याने ती घेतली तो उदास आहे. "मजा नाही हो काका. चालू आहे की बंद, कळतच नाही." एवढे पैसे मोजून घेतलेल्या गाडीत बिघाड नाही हीच तक्रार असलेला हा जगातला एकमेव ग्राहक. सायलेन्सर बदलायची त्याची तयारी झाली आहे. त्याला मी एवढंच सांगितलं की नव्या गाड्यांत सायलेन्सरमध्ये किंवा त्याच्या आधीच्या नळीत मधाच्या पोळ्यागत एक ठोकळा असतो, कॅटॅलिटिक कन्व्हर्टर, आणि त्यावर प्लॅटिनम, पॅलेडियम, ऱ्होडियम असल्या धातूंचा लेप असतो. "राहू द्या जुना इथेच, भंगारात जाईल" असं म्हणत दुकानदार तो इतक्या मायेने आतल्या खोलीत का नेऊन ठेवतो, याचा विचार कर म्हटलं.

इकडे मेहुण्यांचा निर्णय लागेना. घरात दोन तट. चिरंजीव पंजाबच्या बाजूने. मेहुणे गोल्डस्टार आणि शॉर्ट बॉटल यांच्या मध्ये लोंबकळत. मी पाहुणा, म्हणून तटस्थ. शेवटी मेहुणे मला म्हणाले, "दाजी, तुम्हीच सांगा. कंपनीचा घेतला तर आवाज मेंगळट होईल. लोक काय म्हणतील?" मी म्हटलं, "मेहुणे, लोकांना विचारा की." मी आपलं गमतीत म्हटलं. त्यांनी खरंच विचारलं.

तेव्हा जे बाहेर आलं ते कुठल्याही दुकानदाराला सुचलं नसतं. तळमजल्यावरच्या आजी म्हणाल्या, "आवाज मोठा करू नका हो, पण बंदही नका करू. तुमची गाडी गेली की मी गॅसवर चहा ठेवते. आली की दूध तयार." म्हणजे आजींचा अर्धा लिटर हेच आणत होते, हे वहिनींना तेव्हा कळलं. वॉचमन म्हणाला, कोपऱ्यावर आवाज आला की मी फाटक उघडायला उठतो. आणि धाकटी कन्या अगदी निरागसपणे म्हणाली, "बाबा वळणावर आले की मी टीव्ही बंद करून पुस्तक घेते. आवाज कमी झाला तर मला वेळ कसा मिळणार?" यावर एक मोठी शांतता पसरली. हेलिकॉप्टर पालकत्वाची चर्चा हल्ली फार ऐकतो. बुलेट पालकत्वावर कोणी लिहिलेलं नाही.

वहिनींनी मग निकाल दिला, आणि तो तिथल्या तिथे अंमलात आला. कंपनीच्या मापाचा, कंपनीच्या आवाजाचा. चिरंजीवांना सांगितलं, तुझ्या गाडीला तुझ्या पगारातून पंजाब लाव. मेहुण्यांना सांगितलं, तुमचं लडाख होईल तेव्हा होईल, निदान रविवारी सिंहगडाच्या पायथ्यापर्यंत तरी न्या गाडी, आणि मलाही न्या. रसायनशास्त्राला नेमकं हेच हवं होतं, फक्त त्याला ते वहिनींसारखं सांगता येत नाही.

माझं मत विचाराल तर वहिनींचा निकाल बरोबर आहे. आवाज ठरवायला कंपन्या माणसं पगारावर ठेवतात, आणि तो निवडताना ज्या कानांचा विचार करायला हवा त्यात आपले सोडून सगळे येतात. तरी ज्यांना बदलायचाच आहे त्यांना कोण अडवणार? त्यांना एवढीच विनंती. नवा घेताना तळाला पाणी निथळायचं बारीक भोक आहे का बघा, आणि ते आवाज गळतो म्हणून बुजवू नका. जोडावरची पॅकिंग आणि क्लॅम्प नवे टाकायला लावा. स्वस्त असतात, म्हणूनच मिस्त्री जुनेच बसवतो. किक मारताना आणि मागचं चाक काढताना सायलेन्सर आड येत नाही ना, हे पैसे द्यायच्या आधी तपासा. आणि कंपनीचा जुना चांगला असेल तर दुकानात सोडू नका, गोणपाटात गुंडाळून माळ्यावर ठेवा. चौकात हवालदारसाहेब नवा काढून घेतील त्या दिवशी तोच बसवून घरी यायचंय.